तिसऱ्यांदा विचारलं असतं तर

वाल्डाल, ४ जानेवारी

करिन,

नाताळचं कार्ड मिळालं. आत नुसती सही होती, पण पाकिटावरचा पत्ता तू स्वतःच्या हाताने लिहिला होतास, तेवढ्यावर माझा नाताळ झाला. ह्यूस्टनला म्हणे तुम्ही डिसेंबरात दारं उघडी टाकून बसता. इथे नॉर्थ डकोटात आज दार उघडायला खांदा लावावा लागला.

आम्ही बरे आहोत. बाबा जरा थकलेत, पण या वयात कोण थकत नाही? अंगणातला बर्फ हल्ली लॉवेल स्कार काढून देतो. चर्चच्या गायनात खर्जात गातो तो, विम्याचं काम करणारा. बाबा खिडकीशी बसून त्याच्या चुका काढतात. "बघ, कडेला वरंबा ठेवला त्याने. वारा सुटला की सगळा परत रस्त्यावर." जन्मभर काउंटीचे रस्ते साफ केलेल्या माणसाने स्वतःचं अंगण दुसऱ्याकडून साफ करून घ्यायचं म्हणजे काय, ते तुला सांगायला नको. तरी लॉवेल आला की आधी हात हलवतात ते बाबाच.

मागच्या पत्रांना तू उत्तर दिलं नाहीस, त्याचं मला काही नाही. त्या थँक्सगिव्हिंगच्या जेवणाला बाबा म्हणाले, "आमच्याशी बोलायचा एवढा त्रास होत असेल तर पुढच्या वर्षी नाही आलीस तरी चालेल," आणि तू ते खरं धरून बसलीस. पण ते एकदाच म्हणाले होते, करिन. आपल्याकडे एकदा म्हटलेलं कोण धरतं? दुसऱ्या वर्षी त्यांनी टेबलावर तुझी ताटली मांडली होती. तू याच गावात वाढलीस, तुला कळायला हवं होतं.

तुला विम्याबद्दल एक विचारायचं होतं. पण राहू दे. तू कामात असशील.

आई


वाल्डाल, २१ जानेवारी

करिन,

मागच्या पत्रात एक गोष्ट लिहायची राहिली. राहिली म्हणजे मी लिहिली नाही. बाबांना कॅन्सर आहे. हाडांच्या आतल्या मगजातला, रक्ताचा. उन्हाळ्यात पाठ दुखायला लागली तेव्हा आम्हाला वाटलं, इतकी वर्षं बर्फ काढायच्या गाडीत बसून हादरे खाल्ले, त्याचं हे. गावातल्या दवाखान्यातल्या डॉक्टरीण बाईंनी रक्त तपासलं आणि सांगितलं की यावर उपचार आहे, चांगला आहे, पण तो नदीपलीकडच्या मोठ्या हॉस्पिटलात होतो. आणि जायचं तर लगेच जा. हे सप्टेंबरातलं.

आम्ही गेलो नाही. का गेलो नाही ते ऐक, आणि मध्येच पत्र टाकून देऊ नकोस.

आमचा सरकारी विमा होता, मेडिकेअर, म्हाताऱ्यांना मिळतो तो. सरकार बिलाचा मोठा भाग देतं, उरलेल्यासाठी आम्ही वरचा पूरक विमा घेतला होता. बरीच वर्षं तेच चालू होतं, कधी कुणी अडवलं नाही. गेल्याच्या गेल्या शरद ऋतूत चर्चच्या तळघरात माशांचं जेवण होतं. तेव्हा लॉवेल माझ्याशेजारी येऊन बसला. म्हणाला, एका कंपनीची योजना आहे, ती मेडिकेअरच्या जागी घ्यायची, मग पूरक विम्याचे हप्ते नकोत. वर दात, चष्मा आणि व्यायामशाळा फुकट. बाबांना व्यायामशाळा! बाबांनी एकच विचारलं, "नदीपलीकडचं हॉस्पिटल त्यात आहे ना?" लॉवेल म्हणाला, "आहे, आहे." आणि आम्ही सही केली. त्याच्या आदला अख्खा हिवाळा त्याने आमचं अंगण साफ केलं होतं आणि बदल्यात कॉफीसुद्धा अर्धाच कप घेतली होती. अशा माणसाला नाही कसं म्हणणार? भिडेपोटी माणूस काय काय करतो.

सप्टेंबरात मी त्या हॉस्पिटलला फोन केला. फोनवरची मुलगी फार गोड होती. म्हणाली, ही योजना आम्ही घेत नाही. कंपनीला फोन केला, तिथलीही गोड होती. म्हणाली, आमच्या यादीतल्या हॉस्पिटलात जा. त्या यादीतल्या हॉस्पिटलात डॉक्टर आहे, उपचार नाही. अर्ज केला तो नामंजूर झाला. पुन्हा केला, पुन्हा नामंजूर. करिन, सगळे इतके गोड बोलतात की भांडायला तोंडच राहत नाही.

बाबा म्हणतात, करिनला कळवू नकोस. मी कळवलं आहे हे त्यांना सांगू नकोस.

आई


वाल्डाल, १४ फेब्रुवारी

करिन,

तुझा फोन येऊन गेला असं यंत्रावर दिसलं. आवाज काही ठेवला नव्हतास. मी घरातच होते. उचलायला उठले तोवर थांबला. पुन्हा वाजेल म्हणून तिथेच उभी राहिले.

शेवटी पास्टरच्या बायकोने एका बाईंना गाठलं. अर्लीन बतिस्त. पार दक्षिणेतल्या लुइझियानाच्या आहेत, मुलगा इथल्या हवाई तळावर होता म्हणून आल्या आणि तो बदलून गेला तरी इथेच राहिल्या. का राहिल्या देव जाणे. म्हाताऱ्यांना मेडिकेअरबद्दल सल्ला देतात. सरकारच्या वतीने, फुकट, काही विकत नाहीत. अशी माणसं असतात हे आम्हाला आधी माहीत असतं तर!

हे मी काय लिहिते आहे. मला माहीत होतं. पुढे सांगते.

त्या आल्या, कोट काढला, तेव्हा मी सवयीने विचारलं, "कॉफी घेणार?"

"घेईन की! आणि हा कसला खमंग वास येतोय? तेही द्या. दोन तुकडे."

माझ्या हातून कप पडायचाच बाकी होता. या घरात कुणी पहिल्या विचारण्याला हो म्हटलेलं मला आठवत नाही. बाबा मात्र हसले. किती दिवसांनी हसले ते तुला सांगत नाही.

बाईंनी सगळे कागद टेबलावर पसरले. बाबा थोडा वेळ बसले, मग आडवे व्हायला आत गेले. ते गेल्यावर बाई हळू आवाजात म्हणाल्या (त्यांच्याकडे लग्न झालेल्या बाईलाही मिसच म्हणतात), "मिस आर्लिस, मी तुम्हाला नोव्हेंबरात फोन केला होता."

"हो."

"म्हाताऱ्यांच्या केंद्रात तुम्हीच नाव देऊन आला होतात. मी विचारलं, कागद बघायला घरी येऊ का? तुम्ही नको म्हणालात."

"मी एकदाच म्हटलं होतं," मी म्हणाले.

"म्हणजे?"

आता हे परक्या माणसाला कसं समजावायचं? मी म्हटलं, "आमच्याकडे पहिल्यांदा नको म्हणायचं असतं. दुसऱ्यांदाही. समोरचा तिसऱ्यांदा विचारतो, तेव्हा कळतं की त्याला खरंच मदत करायची आहे. मग हो म्हणायचं. तुम्ही इतक्या लांबून येणार, रस्ते निसरडे, मी पहिल्याच फटक्यात या कसं म्हणू?"

त्यांनी चष्मा काढला. "अहो, पण मला कोण सांगणार हे? आमच्याकडे नको म्हणजे नको. मला वाटलं, बाईंची कुणी मुलगीबिलगी असेल, ती बघत असेल. मी तुमच्या नावावर काट मारली."

"मी फोन हातात धरून उभी होते," मी म्हटलं. "वाट बघत."

मग त्यांनी जे सांगितलं ते मी तुला जसंच्या तसं लिहिते. अशी कंपनीची योजना कुणी पहिल्यांदाच घेतली, तर पहिल्या वर्षभरात त्याला परत फिरता येतं. जुनं मेडिकेअर, जुना पूरक विमा, आजाराबद्दल एक प्रश्न न विचारता सगळं परत मिळतं. आमचं वर्ष डिसेंबरबरोबर संपलं. त्या नोव्हेंबरात आल्या असत्या, तर एका बैठकीत काम झालं असतं. आता मेडिकेअरकडे परत जाता येईल, पण पूरक विमा देणारे आधी आजार विचारणार आणि ऐकलं की दार लावून घेणार. पूरक विमा नसेल तर बिलाचा पाचवा भाग आमच्या माथी, आणि त्याला वर मर्यादा नाही. अशा उपचारात घर उभं राहत नाही.

मी ॲप्रनने डोळे पुसायला लागले. बाई उठून माझ्या शेजारच्या खुर्चीत येऊन बसल्या. म्हणाल्या, "चूक माझीपण आहे, मिस आर्लिस. दुसऱ्यांदा विचारायला माझं काय जात होतं?" त्यांनी असं म्हटल्यावर मला जास्तच रडू आलं.

एक दार अजून उघडं आहे म्हणाल्या. विकणाऱ्याने चुकीचं सांगून ही योजना गळ्यात घातली असं सिद्ध झालं तर सरकार परत फिरू देतं, आणि पूरक विमाही द्यावा लागतो. म्हणजे लॉवेलने "ते हॉस्पिटल आहे" म्हटलं होतं, असं आम्ही लिहून द्यायचं.

बाबा उठून आले तेव्हा बाईंनी त्यांना हे सांगितलं. बाबा म्हणाले, "लॉवेलविरुद्ध मी काही लिहिणार नाही. दर रविवारी त्याच्या मागच्या बाकावर बसतो मी."

"तो बसेल हो त्याच्या बाकावर," बाई म्हणाल्या. "तुम्ही कुठे असाल?"

इतकं सरळ या घरात तुझ्याशिवाय कुणी बोललं नव्हतं. बाबांनी खिडकीकडे तोंड फिरवलं. मला दोघांचाही राग आला, आणि त्याहून जास्त माझा. तो अजून उतरलेला नाही. बाबांना मी नोव्हेंबरातल्या फोनबद्दल सांगितलेलं नाही. सांगणारही नाही.

तुला यायची काही गरज नाही. हवा फार वाईट आहे.

आई


वाल्डाल, ९ मार्च

करिन,

मी कुणाला काही बोलले नाही. फक्त पास्टरच्या बायकोला बोलले, म्हणजे गावाला बोलले.

मंगळवारी लॉवेल आला. बर्फ पडला नव्हता, तरी आला. दारात टोपी हातात घेऊन उभा.

"कॉफी?" मी विचारलं.

"नको, नको."

"थोडी तरी."

"कशाला उगाच त्रास तुला."

"केलेलीच आहे."

"मग अर्धा कप."

बाबा त्याच्याकडे बघत होते. लॉवेल बसला, अर्धा कप बराच वेळ ढवळला, त्यात साखर नव्हतीच, आणि म्हणाला, "गेलन, लिहून दे. मी म्हटलं होतं की ते हॉस्पिटल त्यात आहे."

"तुला तसं वाटत होतं."

"वाटत होतं. बघितलं नव्हतं. पुस्तिका माझ्या गाडीतच पडली होती."

"तुझा परवाना जाईल, लॉवेल."

"जाऊ दे."

"तुझ्या घरी काय सांगशील?"

"घरी सांगून आलोय." त्या खर्जातल्या माणसाचा आवाज शाळेतल्या पोरासारखा झाला. "माझ्यामुळे तू असा बसला आहेस, आणि मी तुझं अंगण साफ करून देवाला खूष करतोय. लिही रे. नाहीतर मी लिहितो आणि तू नुसती सही कर."

त्यानेच लिहिलं. बाबांनी सही केली. मी कागद धरून ठेवला. मग दोघेही खिडकीबाहेर बघायला लागले.

"तू कडेला वरंबा ठेवतोस," बाबा म्हणाले.

"मग सांगितलं का नाहीस?"

"तू विचारलं नाहीस."

लॉवेल हसला आणि लगेच डोळे पुसायला लागला. मी उठून भांडी घासायला घेतली, घासलेलीच पुन्हा घासली.

बतिस्त बाईंनी कागद त्याच दिवशी पाठवले. रोज फोन करतात. आता मी काही विचारलं नाही तरी त्या तीनतीनदा विचारतात, "जेवलात का? खरं सांगा, जेवलात का?" शिकल्या बिचाऱ्या. पण शिकायला उशीर झाला असं मला वाटतं, आणि हे मी त्यांना बोलत नाही.

बाबांबद्दल मी आजवर तुला खोटंच लिहीत आले. थकलेत म्हटलं. ते थकलेले नाहीत, ते संपत चालले आहेत. पँट कमरेवर राहत नाही, त्यांच्या आवडीचं भट्टीत भाजलेलं बटाट्याचं हॉटडिश पुढे ठेवलं तर दोन घास खाऊन बाकीचं काट्याने ताटलीत पसरवतात, मला जास्त खाल्ल्यासारखं वाटावं म्हणून. परवा न्हाणीघरातून बाहेर येताना भिंत धरून उभे राहिले आणि म्हणाले, "इथे पूर्वी एवढं लांब नव्हतं." डॉक्टरीण बाई म्हणाल्या, शरद ऋतूत गेला असतात तर माझी खात्री होती, आता फक्त आशा आहे. त्यांनी हे मलाच सांगितलं, बाबांना नाही. मीही सांगितलं नाही. या घरात कुणी कुणाला काय सांगत नाही याची यादी करायला बसले तर कागद पुरणार नाही.

आई


वाल्डाल, ३ एप्रिल

करिन,

मंजूर झालं.

सोमवारी सकाळी बतिस्त बाईंचा फोन आला. मी हॅलो म्हणायच्या आत ओरडल्या, "मिस आर्लिस, झालं! मेडिकेअर परत, पूरक विमा परत! मी हॉस्पिटलात बोलले, पुढच्या गुरुवारी या म्हणतात. गाडी मी चालवते, तुम्ही मागे बसा आणि प्रार्थना करा." मी स्वयंपाकघरात जमिनीवरच बसले. देवाचे आभार मानावेत की त्याला चार शब्द सुनवावेत हे कळेना, म्हणून नुसतीच बसून राहिले.

मग मी बाबांना सांगितलं. ते खुर्चीत होते, गुडघ्यांवर पांघरूण. ऐकून म्हणाले, "चांगलं झालं. लॉवेलला कळव."

"गुरुवारी जायचं आहे, गेलन."

"नको," ते म्हणाले.

मी त्यांचं पांघरूण नीट केलं. आपल्या घरातला नको. मी तो जन्मभर ओळखते. आमचं लग्न ठरलं तेव्हा याच माणसाने माझ्या आईने वाढलेला ॲपल पाय दोनदा नको म्हणून तिसऱ्यांदा तीन तुकडे खाल्ले होते.

बुधवारी दुपारी त्यांना थोडं बरं वाटत होतं. मी त्यांचे जाड मोजे काढून बॅगेत ठेवले. त्यांनी बघितलं. मी म्हटलं, "बतिस्त बाई चांगली चालवतात गाडी. आपण जाऊन बघू."

"एवढ्या लांब कशाला त्या बाईला त्रास," ते म्हणाले.

हासुद्धा मी ओळखते. हा दुसरा. हा तर होच्या अगदी जवळचा असतो. करिन, मी त्या संध्याकाळी त्यांचा शर्टसुद्धा इस्त्री करून ठेवला.

आज सकाळी मी त्यांची दाढी करत होते. हल्ली त्यांच्या हाताला वस्तरा धरवत नाही. हनुवटीखाली मान वर करून बसले होते, डोळे मिटून. अचानक म्हणाले, "नोव्हेंबरात त्या बाईंचा फोन आला होता ना? मी शेडमधला फोन कानाला लावला होता. ऐकलं मी."

माझा हात थांबला.

"मलाही वाटलं होतं," ते म्हणाले, "त्या पुन्हा विचारतील."

इतके महिने मी ते त्यांच्यापासून लपवलं आणि ते माझ्यापासून. एकाच छपराखाली दोघं त्याच एका फोनची वाट बघत होतो, आणि दोघांपैकी एकालाही आपणच उलट फोन करावा असं सुचलं नाही. मी त्यांच्या कपाळाला कपाळ टेकवलं. साबण माझ्या नाकाला लागला. मग तसंच, त्यांच्या तोंडाजवळ तोंड ठेवून, मी तिसऱ्यांदा विचारलं. "गेलन, जायचं ना गुरुवारी?"

त्यांनी डोळे उघडले. माझ्याकडे नीट बघितलं. घाई केली नाही. त्यांना माहीत होतं मी कितव्यांदा विचारते आहे.

"नको, आर्लिस," ते म्हणाले. "रस्ता जायचा असतो तसा यायचाही असतो. यायचं बळ नाही आता. मला इथेच राहू दे."

मी पुढे काही विचारलं नाही. चौथ्यांदा विचारायची आपल्यात पद्धत नाही. राहिलेली दाढी केली, गरम पाण्याने तोंड पुसलं, आणि बतिस्त बाईंना फोन करून सांगितलं की गुरुवारी यायला नको. त्यांनी विचारलं, "मिस आर्लिस, हा खरा नको आहे का?" मी म्हटलं, हो, हा खरा आहे.

डॉक्टरीण बाई म्हणतात, आता आठवडे धरायचे, महिने नाही.

तू मला एकदा ओरडून म्हणाली होतीस की या घरात काय हवंय ते कुणी सांगत नाही आणि मला ओळखत बसायचा कंटाळा आलाय. तेव्हा मला वाटलं होतं, पोरगी उद्धट झाली. आता मला वाटतं, तू एकटीच शहाणी होतीस. बाबा खिडकीशी बसतात आणि रस्त्यावरून गाडी गेली की तिच्यावर टेक्सासची नंबरपाटी आहे का बघतात. विचारलं तर म्हणतील, छे, मी कुठे बघतोय.

ये, करिन. मला तू इथे हवी आहेस, आणि त्यांनाही. तू येईपर्यंत ते असतील की नाही मला माहीत नाही. मी हे पहिल्यांदाच म्हणते आहे आणि एकदाच म्हणणार आहे, कारण दुसऱ्यांदा म्हणायला वेळ उरलेला नाही.

आई